रेट्रोआर्कमध्ये चीट ऑन केला तरी लाइफ कमी का होतात?

भाऊ, तुमचे प्रश्न दोन. मोबाईलवर रेट्रोआर्कमध्ये (जुने व्हिडिओ गेम चालवायचं ॲप) सुपर मारिओचा चीट ऑन केला तरी लाइफ जातातच, आणि गावात रेंज नसताना हे चालेल का?

रेंजचं आधी सांगतो. चालतं. बाजाराच्या दिवशी तालुक्याला गेलात की ॲपच्या ऑनलाइन अपडेटर मेनूतून ‘अपडेट चीट्स’ करून घ्या. मग वावरात धुऱ्यावर बसून खेळा, नेट लागत नाही.

आता लाइफचं. चीट ऑन केल्यावर त्याच मेनूत ‘अप्लाय चेंजेस’ दाबावं लागतं, आमच्याकडचे अर्धे पोट्टे तिथेच अडकतात. ते दाबूनही फरक नसेल तर बहुतेक गेमची फाईल वेगळी आहे. मारिओचा जुना गेम जिनी (कॅसेटला लावायचं चीटचं यंत्र) कोड आहे ‘एसएक्सआयओपीओ’. लाइफमधून एक वजा करायची जी सूचना प्रोग्राममध्ये आहे, तिचा एक बाइट तो बदलतो आणि वजाबाकीच होत नाही. पण ती सूचना त्याच जागी असली तरच. ‘एकात 9999’ वाल्या कॅसेटींमधून निघालेल्या, कोणीतरी हात फिरवलेल्या फाईलींत ती जागा सरकलेली असू शकते.

अशा वेळी तयार कोड शोधत बसू नका, मेमरीत लाइफचा आकडा कुठे ठेवलाय तो पत्ता स्वतःच काढा. चीट्सच्या मेनूत मेमरीत शोध घ्यायची सोय आहे. शोध सुरू करा, गेममध्ये एकदा मरा, मग ‘आधीपेक्षा कमी’ झालेले आकडे शोधा. थोडं चाला, उड्या मारा, आता ‘आधीइतकेच’ राहिलेले शोधा. पुन्हा मरा. यादी भराभर आटते. थेट 3 शोधायला जाल तर फसाल, कारण मारिओ पडद्यावर 3 दाखवतो तेव्हा मेमरीत 2 असतो.

माझं मत विचाराल तर लाइफ अमर्याद करा, पण मार न लागण्याचा चीट नको. कॉन्ट्रा या गोळीबाराच्या गेममध्ये गोळी चुकवायची नसेल तर मग नुसतं उजवीकडे चालतच जायचं, त्यापेक्षा निंदण बरं. कॉन्ट्राला तसाही चीटचा मेनू लागत नाही. सुरुवातीच्या पडद्यावर वर वर, खाली खाली, डावं उजवं, डावं उजवं, बी, ए आणि स्टार्ट, की 30 लाइफ. टचस्क्रीनवर बोटं घसरतात, सावकाश दाबा.

आणि चीट लावण्याआधी सेव्ह स्टेट (खेळ आहे तिथेच जतन केलेली नोंद) वेगळ्या स्लॉटमध्ये ठेवा. चुकीच्या पत्त्यावरचा आकडा गोठवला, म्हणजे बदलू दिला नाही, तर गेम लटकतो, आणि त्यावरच सेव्ह केलं असेल तर पहिल्यापासून सुरू करावं लागतं.