टोला ऐकू आला नाही तर

प्रश्न : मी पलूसची, बारावीत आहे. एक कादंबरिका लिहितेय. त्यात 'नादवळ' नावाचा डोंगरी मुलूख आहे. गडावर तास वाजतो आणि त्याचा आवाज पोचेल तिथवरच काळ पुढं सरकतो. ज्या वाडीत आवाज पोचला नाही, तिथं कालचाच दिवस. मैत्रीण म्हणाली, मग तिथला कर्णबधिर माणूस कधी म्हातारा होणारच नाही का? तिथं मी अडकले. हे सगळं फारच खोटं वाटेल का?

उत्तर : खोटं कसलं, तू निम्मं मराठी भाषेतूनच उचललंयस. तास म्हणजे आधी टांगलेली काशाची थाळी. तिच्यावर टोला पडायचा, म्हणून त्या वेळेलाही तास म्हणू लागले. भोक पाडलेलं घटिकापात्र पाण्यात बुडायला 24 मिनिटं लागत, की झाली एक घटका. म्हणजे पाणी मोजायचं आणि थाळी सांगायची. आपण आजही 'दहाचे टोले पडले' म्हणतो आणि मोबाइल बघतो.

गावागणिक वेगळा काळ, हेही नवं नाही. 1906 साली भारताची प्रमाणवेळ ठरली, तरी मुंबई स्वतःची वेळ धरून बसली होती, 39 मिनिटं मागं, थेट 1955 पर्यंत. आणि आपल्या सांगलीत सूर्य माथ्यावर येतो तेव्हा घड्याळात सरासरी साडेबारा होऊन गेलेले असतात. तेव्हा वाडीचा काळ मागं राहिला तर वाचक दचकणार नाही. तो दचकेल ते तू नियम मधेच विसरलीस तर.

हे अनुभवानं सांगतो. मी भौतिकशास्त्राचा मास्तर, पण चोविसाव्या वर्षी अशीच एक अद्भुत कथा लिहून एका संपादकांकडे धाडली होती. शांतता पसरली की काळ थांबतो, असा तो देश. पाकीट परत आलं. समासात एकच ओळ होती : 'तुमच्या राज्यात सगळे गातात, भाकरी कोण थापतं?' चार दिवस मला राग होता. पाचव्या दिवशी कळलं की भाकरी थापतानाही आवाज होतो आणि माझ्या देशात त्या आवाजाचं काय होतं ते मलाच ठाऊक नव्हतं. तू आधी हे ठरव : काळ फक्त गडाच्या तासानं सरकतो, की जात्यानं, कुत्र्यानं, भांडणानंही? भांडणानं सरकत असेल तर तुझ्या नादवळीत भांडकुदळ घरं लवकर म्हातारी होतील. मला तरी ते आवडेल.

आता तुझ्या मैत्रिणीचा प्रश्न. तो तुझ्या कथेचा अडथळा नाही, तीच कथा आहे.

माझी आत्या मिरजेत रेल्वेलाइनीच्या कडेला राहायची. चाळिशीत तिचे दोन्ही कान गेले. पण मालगाडी आली हे घरात सगळ्यांत आधी तिला कळायचं. मांडणीवरचे पितळी डबे एकमेकांना लागून थरथरायचे. ती पोळपाटावरचा हात न उचलता म्हणायची, "आली बघ." आम्ही कान टवकारायचो, तर काहीच नाही. मग जरा वेळानं धडधड. तळपाय जमिनीला टेकलेले असले की तिला पुरे.

यात चमत्कार नाही. हवेतून आवाज सेकंदाला साधारण 343 मीटर जातो, म्हणजे किलोमीटरला जवळपास तीन सेकंद. पोलादातून पंधरापट तरी वेगानं, आणि आपल्या काळ्या पत्थरातूनही हवेच्या कितीतरी पुढं. तेव्हा गडावर टोला पडला की खालच्या वाडीत तो आधी पोचणार कातळातून, अनवाणी पायांना. कानवाल्यांना मागाहून. म्हणजे तुझा कर्णबधिर माणूस कालच्या दिवसात अडकलेला नाही, तो बाकीच्यांच्या चार पावलं पुढं आहे. दरड कोसळणार हे तो सांगेल आणि कुणी ऐकणार नाही. मात्र त्याला चप्पल घालू देऊ नकोस.

जाता जाता : उन्हात हवेतला आवाज थोडा वेगानं जातो, थंडीत थोडा हळू. तुझ्या मुलखात चैत्र भरभर सरेल आणि पौष रेंगाळेल. वापर हवं तर.

प्रश्न : माझ्या कथेत एका गावात परमुलखातली घंटा आणून टांगलीय. तिचा काळ कुठला धरायचा? (एक वाचक, वाई)

उत्तर : वाईत राहून मला विचारता? मेणवलीला घाटावर जा. 1739 च्या वसई मोहिमेनंतर आणलेली पोर्तुगीज चर्चची घंटा तिथं देवळापाशी टांगलीय. गेली कितीतरी वर्षं ती कृष्णेकाठी आहे. तरी तुमच्या कथेत मी म्हणेन, ती वाजली की घाटाच्या पायऱ्यांपुरती वसईची भरती चढते, ओलं मीठ लागतं पायांना. धुणं धुणाऱ्या बाया कुरकुरतात.

प्रश्न : कोणता राग गायला की काळ मागं जाईल? (कराड)

उत्तर : कुठलाच नको. मारवा संध्याकाळचा आणि भैरव सकाळचा हे रसिकाला माहीत आहे, त्याचा मंत्र केलात की पुस्तक मिटेल. त्यापेक्षा मिरजेत तंतुवाद्यांच्या एखाद्या दुकानात तासभर बसा. तानपुऱ्याच्या घोडीवर, म्हणजे तारा टेकतात त्या पट्टीवर, कारागीर तारेखाली सुताचा एक धागा सरकवतो. आधी तार नुसती टण्‌ करून विझते. धागा केसभर पुढं, केसभर मागं. मग एका जागी तीच तार उघडते आणि छेडून झाल्यावरही कितीतरी वेळ बोलत राहते. लांबलेला काळ दाखवायचाय ना तुम्हाला? तो तिथं, त्या धाग्याखाली आहे. तानपुरा घ्यायचा नसेल तर आधीच सांगून टाका. चहा तरीही मिळतो.