सोव्हिएत महिला बास्केटबॉल: मेडलं नक्की कोणाच्या खात्यात? (प्रश्नोत्तरे)

क्विझवाली पोरं असोत नाहीतर स्पर्धा परीक्षावाले, या टीमबद्दल गोंधळ तोच तोच येतोय. म्हणून काही प्रश्न एकत्रच घेते.

प्रश्न: सोव्हिएत महिला टीम कधीच हरली नाही, असा फॉरवर्ड आलाय. खरंय का?

नाही. 1957 च्या वर्ल्ड चॅम्पियनशिपला रिओत अमेरिकेनं निर्णायक मॅच 51-48 नं घेतली, 1958 ला युरोपचं गोल्ड बल्गेरियानं नेलं आणि 1986 च्या वर्ल्ड चॅम्पियनशिपला तर मॉस्कोत, घरच्या लोकांसमोर, फायनलला अमेरिकेकडून 108-88 नं हरली. न हरण्याचा रेकॉर्ड सांगितला जातो तो सेंटर म्हणून खेळणारी उल्याना सेम्योनोव्हा आणि 1962 ते 1984 कोच असलेल्या लिदिया अलेक्सेयेवा यांचा, तोही अधिकृत आंतरराष्ट्रीय स्पर्धांपुरता. फॉरवर्डवर विसंबू नका, फीबाच्या (आंतरराष्ट्रीय बास्केटबॉल संघटनेच्या) साइटवर स्पर्धेनुसार निकाल आहेत, ते आधी बघा.

प्रश्न: 1979 च्या वर्ल्ड चॅम्पियनशिपला टीम का नव्हती?

स्पर्धा सोलला होती आणि सोव्हिएत युनियनचे दक्षिण कोरियाशी राजनैतिक संबंधच नव्हते.

प्रश्न: आइस हॉकीवाल्या ओवेच्किनची आई याच टीममध्ये होती का?

हो. तात्याना ओवेच्किना, 1976 आणि 1980 दोन्ही ऑलिंपिक गोल्ड.

प्रश्न: आमच्या क्लासच्या नोट्समध्ये ‘रशिया: 6 वर्ल्ड टायटल, 21 युरोपियन, 3 ऑलिंपिक गोल्ड’ असं आहे. सराव परीक्षेच्या उत्तरतालिकेतही तेच. हरकत घेऊ का?

घ्या, आणि मुदत संपायची वाट बघू नका. हे असं छापलेलं बघितलं की मला खरंच त्रास होतो. 6 वर्ल्ड टायटल (1959, 64, 67, 71, 75, 83) आणि 1950 ते 1991 मधली 21 युरोपियन टायटल ही सोव्हिएत युनियनची आहेत, रशियाची नाहीत. सेम्योनोव्हा लाटव्हियाची, तिचा क्लब टीटीटी रीगा, म्हणजे तिथल्या ट्राम-ट्रॉलीबसवाल्यांचा क्लब, त्यानं युरोपियन चॅम्पियन्स कप 18 वेळा जिंकलाय. 1976 आणि 1980 च्या गोल्डमधली अँगेले रुपशिएने लिथुआनियाची. या बायकांना एका ओळीत ‘रशियन’ करून टाकायचं आणि वर त्याच नोट्स पैसे घेऊन विकायच्या, हे मला अजिबात पटत नाही.

ऑलिंपिकचं तर अजून वेगळं. सोव्हिएत युनियनची गोल्ड दोनच, माँट्रियल 1976 (तिथे अमेरिकेला 112-77 नं हरवलं, महिला बास्केटबॉल ऑलिंपिकमध्ये आलं तेच त्या वर्षी) आणि मॉस्को 1980. 1984 ला बहिष्कार, 1988 ला सोलमध्ये ब्राँझ. तिसरं गोल्ड म्हणतात ते 1992 बार्सिलोनाचं, पण तोपर्यंत देश उरलाच नव्हता, बाल्टिक देश वेगळे उतरले आणि बाकीच्या बारा प्रजासत्ताकांची ‘युनिफाइड टीम’ ऑलिंपिकच्या झेंड्याखाली खेळली. तिनं सेमीफायनलला अमेरिकेला 79-73 नं आणि फायनलला चीनला 76-66 नं हरवलं. ऑलिंपिक समितीच्या नोंदीत ती टीम वेगळी आहे. त्यातली मरिना त्काचेन्को पुढे 1996 ला युक्रेनकडून ऑलिंपिक खेळली, मग तिचं 92 चं गोल्ड रशियाच्या खात्यात कसं टाकणार? रशियाचं स्वतःचं खातं काही रिकामं नाही, 2003, 2007, 2011 ची युरोपियन टायटल आहेत, 1998, 2002, 2006 ची वर्ल्ड सिल्व्हर आहेत, ते त्यांनी खुशाल मिरवावं. हरकत लिहिताना ऑलिंपिक समिती आणि फीबा दोन्हीकडच्या नोंदींच्या प्रिंट जोडा, आणि पाठवण्याआधी परीक्षेच्या कामातल्या एखाद्या जाणकार शिक्षकाला मसुदा दाखवा.

प्रश्न: सेम्योनोव्हाची 1976 ची ‘ओरिजिनल’ जर्सी ऑनलाइन मिळतेय, सोबत सर्टिफिकेट आहे, ऑफर आज रात्रीपर्यंतच. घेऊ का?

आज तर नकोच. घाई करायला लावणं हीच विकणाऱ्याची युक्ती आहे. सर्टिफिकेट त्यानं स्वतःच छापलेलं असेल तर तो नुसता कागद, आणि छातीवर सोव्हिएत अक्षरं आज कुठल्याही टीशर्टवर छापून मिळतात. सेम्योनोव्हा जवळपास सात फूट उंच होती, तेव्हा निदान जर्सीची मापं तरी मागवा, नंबर आणि शिलाई त्या सामन्यांच्या फोटोंशी जुळवा, ती आधी कोणाकडे होती ते लेखी मागा. हे सगळं मिळालं तरी खेळाच्या जुन्या वस्तू तपासणाऱ्या माणसाला दाखवल्याशिवाय पैसे पाठवू नका.