कारखान्याने पीएफ भरलाच नाही, मग पेन्शन कोण देणार?

प्रश्न : माझे यजमान सहकारी साखर कारखान्यात पॅनमन (साखर शिजवणारे कामगार) होते. जानेवारी 2024 मध्ये, ऐन गाळपात, रात्रपाळीवरच हृदयविकाराने गेले. आधी हंगामी, मग कायम झाले होते. पगारपत्रकात पीएफची कपात दर महिन्याला दिसते, पण 2020 नंतर कारखान्याने भरणाच केलेला नाही. टाइम ऑफिसवाले म्हणतात, "भरणा नाही तर पेन्शन कुठली? स्टॅम्पपेपरवर सही द्या, थकलेल्या पगारातलं थोडंफार देऊन मोकळं करतो." मुलगी 19 वर्षांची, मुलगा 16 चा आहे. काय करू?
– एक भगिनी, सोलापूर जिल्हा

उत्तर : ताई, त्या स्टॅम्पपेपरवर सही करू नका. पेन्शन कारखान्याच्या तिजोरीतून येत नाही, ती पीएफ कार्यालय देतं. त्यामुळे ती नाकारायचा अधिकार टाइम ऑफिसला नाही.

मी पीएफ कार्यालयात पेन्शनच्याच टेबलावर होते. हे 'भरणा नाही तर पेन्शन नाही' तिथे किती बायकांच्या तोंडून ऐकलं! कर्मचारी पेन्शन योजना 1995 ची. कामगार नोकरीत असताना वारला आणि त्याच्या नावे किमान एका महिन्याची वर्गणी पेन्शन निधीत जमा असली, की कुटुंबाचा हक्क लागू होतो. तुमच्या यजमानांची 2020 पर्यंतची जमा आहेच. राहिली पुढची वर्षं. सेवा मोजताना योजना जमा झालेली वर्गणी धरते, तशी 'येणे असलेली', म्हणजे कारखान्याने न भरलेलीही धरते. हंगामी कामगाराचा हंगाम तर पूर्ण वर्ष म्हणून मोजतात.

विधवा पेन्शन ठरवताना शेवटच्या पगारावरचा तक्ताही बघतात, मात्र पगार 15,000 पर्यंतच धरला जातो. कारखान्याने 2020 नंतर काही कळवलंच नसेल, तर हा पगार सिद्ध करायला तुमच्याकडची पगारपत्रकं लागतील. मूळ प्रती कुणालाही देऊ नका, झेरॉक्स द्या. किमान पेन्शन 1,000 रुपये आहे. दोन्ही मुलांना प्रत्येकी तुमच्या पेन्शनच्या 25 टक्के, वयाच्या पंचविशीपर्यंत. सगळं मृत्यूच्या दुसऱ्या दिवसापासून लागू, म्हणजे मागची थकबाकीही मिळेल.

फॉर्म 10-डी भरा. कारखाना सही देत नसेल तर बँक मॅनेजर किंवा राजपत्रित अधिकाऱ्याची घ्या आणि कारखान्याने नकार दिल्याचं अर्जात लिहा. त्याच वेळी पीएफसाठी फॉर्म 20 आणि पीएफसोबतच्या विम्यासाठी फॉर्म 5-आयएफ द्या. या विम्याची कमाल रक्कम 7 लाख आहे. बरेच जण तो मागायचाच विसरतात. प्रत्येक कागदाची पोच शिक्क्यासह घ्या.

पीएफचं मात्र वेगळं आहे. खात्यात जमा आहे तेवढं आत्ता मिळेल, 2020 नंतरचं वसूल झाल्यावर. त्यासाठी थकबाकी ठरवण्याची चौकशी लावा, असा वेगळा अर्ज द्या. कार्यालयात तिला आम्ही सगळे '7-अ' म्हणायचो. यजमानांच्या पगारातून कापलेले पैसे न भरणं हा कायद्याने फौजदारी विश्वासघात आहे, हेही त्यात लिहा.

कारखान्यावर बँकेचं कर्ज असणारच. 'बँक सगळं घेऊन जाईल' असं कुणी म्हणालं तर घाबरू नका. महाराष्ट्रातल्याच साखर कारखान्यांच्या प्रकरणात राज्य सहकारी बँक तारण साखरेवर हक्क सांगत होती. 2009 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की त्या साखरेवरही पीएफची थकबाकी आधी.

दर महिन्याच्या 27 तारखेला जिल्ह्यात पीएफचं 'निधी आपके निकट' शिबिर असतं. मृत्यू दाखला, तिघांचे आधार, बँक पासबुक आणि पगारपत्रकं घेऊन तिथे जा. मुलीलाही बरोबर न्या, फॉर्म तीच भरेल.