मॉरिशसमध्ये भारतीय वंशाचे लोक पुढे गेले आणि क्रिओल मागे राहिले, हा कष्टाळूपणाचा फरक आहे का?

नाही. नोकरीनिमित्त मी साडेतीन वर्षं मॉरिशसला होतो आणि तुम्ही विचारलंय तेच तिथे गेल्यावर पहिल्या महिन्यात माझ्या कानावर पडलं. दोघांनाही उसाच्या मळ्यांत राबायला आणलं, मग भारतीय सत्तेपर्यंत पोचले आणि आफ्रिकी वंशाचे क्रिओल झोपडपट्टीत का? माझे घरमालक भारतीय वंशाचे, माणूस सज्जन. ते म्हणाले, "आपल्या लोकांनी पोटाला चिमटा काढून जमीन घेतली. क्रिओलांच्या हातात पैसा टिकत नाही." मी मान डोलावली. परमुलखात 'आपले लोक' हे शब्द फार गोड लागतात. त्या मान डोलावण्याची आज लाज वाटते, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

सुरुवात जमिनीपासून करावी लागते. 1810 मध्ये ब्रिटिशांनी हे बेट फ्रेंचांकडून जिंकलं, पण शरणागतीच्या अटींमध्येच फ्रेंच मळेवाल्यांची मालमत्ता, त्यांचे कायदे, त्यांचा धर्म शाबूत राहिला. झेंडा बदलला, मालक तेच. पुढे 1 फेब्रुवारी 1835 रोजी गुलामगिरी संपली तेव्हा ब्रिटिश सरकारने भरपाई दिली, ती या मालकांना! सुमारे 20 लाख पौंड. ज्यांची मुक्तता झाली त्या साठ-पासष्ट हजार माणसांना, म्हणजे क्रिओलांच्या पूर्वजांना, छदामही मिळाला नाही. उलट 1839 पर्यंत त्यांना त्याच मालकांकडे 'उमेदवार', म्हणजे शिकाऊ कामगार, म्हणून राबावं लागलं. ती मुदत संपताच बहुतेकांनी मळ्यांकडे पाठ फिरवली. कुणी किनाऱ्यावर मासेमारीला गेले, कुणी शहरात सुतारकाम-गवंडीकाम धरलं. जिथे चाबूक खाल्ला तिथेच पुन्हा रोजंदारीला उभं राहायचं नाही, हा त्यांचा निर्णय होता. याला आळस म्हणणं मला अन्यायाचं वाटतं.

त्यांच्या जागी गिरमिटिये, म्हणजे करारावर आणलेले भारतीय मजूर, आले. 1834 पासून विसाव्या शतकाच्या सुरुवातीपर्यंत साडेचार लाखांच्या आसपास भारतीय पोर्ट लुईच्या बंदरात उतरले. बहुसंख्य बिहार आणि उत्तर प्रदेशच्या भागातले, काही तमिळ आणि तेलुगू मुलखातले, आणि मुंबईहून जहाजात चढलेले आपले कोकणातलेही. त्यांचेही हाल झाले. करार संपलेल्या मजुरालासुद्धा फोटो लावलेला पास जवळ बाळगावा लागे, नसला तर भटक्या म्हणून अटक. पण एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात साखरेचे भाव पडले तेव्हा मळेवाल्यांनी कडेच्या, हलक्या जमिनीचे तुकडे पाडून विकायला काढले. त्या वेळी मळ्यावर हजर होते भारतीय. त्यातही पैसा होता तो 'सरदारां'कडे, म्हणजे मजुरांवरच्या मुकादमांकडे. ते मजुरांना कर्जही देत. माझ्या घरमालकांचे पणजोबा असेच सरदार होते, हे त्यांनीच मला पुढे दोन वर्षांनी सांगितलं. म्हणजे पोटाला चिमटा काढला असेलही, पण साध्या मजुराच्या आणि सरदाराच्या पोटात फरक होता. आजही भारतीय वंशाचे सगळे सुखवस्तू नाहीत.

आणि क्रिओलांनी जमीन घेतलीच नव्हती असंही नाही. मुक्त झाल्यावर काहींनी छोटे तुकडे घेतले होते. गुलामगिरी आणि गिरमिटाच्या परिणामांची चौकशी करायला 2009 मध्ये नेमलेल्या सत्य आणि न्याय आयोगापुढे जमीन लबाडीने गेल्याच्या कितीतरी तक्रारी आल्या. पिढ्यान्‌पिढ्या कागद नाही, वाचता येत नाही, मग सर्वेक्षक आणि नोटरी सांगतील ते खरं.

कागदावरून आठवलं. मोका इथल्या महात्मा गांधी संस्थेत गिरमिटियांच्या नोंदी जपल्या आहेत: नाव, बापाचं नाव, गाव, जात, काहींचे फोटोसुद्धा. नोंद सापडली की माणूस थेट आपल्या गावाचं नाव वाचतो. माझ्या हाताखालच्या क्रिओल सहकाऱ्याने गुलामांच्या नोंदवह्यांत आपलं मूळ शोधलं तेव्हा त्याला मिळालं मालकाने ठेवलेलं एक नाव आणि पुढे शब्द 'मोझांबिक'. गाव नाही, भाषा नाही. आमच्या समोर बसून तो बराच वेळ गप्प होता. गणेश चतुर्थीला तिथे सार्वजनिक सुट्टी असते, शाळेत मराठी शिकता येतं, याचा मला अभिमान होता आणि आहे. पण पूर्वजांची भाषा म्हणून दाखवायला त्याच्याकडे काय होतं? बेटावर जवळजवळ सगळेच बोलतात ती क्रिओल भाषा प्राथमिक शाळेत विषय म्हणून आली 2012 मध्ये. संसद मुख्यतः इंग्रजीत, वर्तमानपत्रं बहुतेक फ्रेंचमध्ये.

सर्वांत खटकलं ते राज्यघटनेतलं वर्गीकरण. लोकसंख्येचे चार समाज मानले आहेत: हिंदू, मुस्लिम, चिनी वंशाचे, आणि राहणीवरून या तिघांत न बसणारे सगळे 'सर्वसाधारण लोकसंख्या'. निवडणुकीनंतरच्या जास्तीत जास्त 8 जादा जागा याच हिशेबाने वाटल्या जातात. त्या चौथ्या रकान्यात साखर कारखान्याचा गोरा मालक आणि त्याच्याच पूर्वजांनी राबवलेल्या गुलामाचा वंशज एकत्र! तुमच्या प्रश्नाची गोमही इथेच आहे. आपण क्रिओलांची तुलना भारतीयांशी करतो आणि गोऱ्यांचा हिशेब मांडतच नाही. लोकसंख्येत ते एक-दोन टक्के. पंतप्रधानपदही त्यांच्यातल्या एकाच माणसाला मिळालं, पॉल बेरांजे यांना, 2003 ते 2005. पण जुन्या मळ्यांची जमीन आणि त्यातून उभी राहिलेली हॉटेलं, गृहसंकुलं यांत मोठा वाटा अजून त्यांचाच आहे. मतपेटीतली सत्ता संख्येमुळे भारतीयांकडे आली, जमिनीवरची मात्र फारशी हलली नाही. मधल्या मध्ये क्रिओलांच्या वाट्याला ना ही आली, ना ती. फेब्रुवारी 1999 मध्ये काया हा लाडका क्रिओल गायक पोलीस कोठडीत मेला, तेव्हा बेट दंगलींनी पेटलं. ते नुसतं एका गायकासाठी नव्हतं.

कधी गेलात तर पोर्ट लुईला गिरमिटिये जिथे उतरत तो आप्रवासी घाट बघाच. 2006 पासून तो जागतिक वारसा आहे. तिथून चालत काही मिनिटांवर जुन्या लष्करी रुग्णालयात गुलामगिरीचं संग्रहालय आहे, ते 2023 मध्ये उघडलं. दोन्ही एकाच दिवशी बघा.