२० लाखांचं घरकर्ज २० वर्षांत खरोखर कितीला पडतं?

प्रश्न थोडक्यात असा आहे. यवतमाळ जिल्ह्यातल्या दारव्हा तालुक्यात एका गावात वडिलांच्या नावाची जागा आहे, तिच्यावर घर बांधायचं आहे. विचारणाऱ्यांना शाळेत नोकरी आहे, महिन्याला ४२ हजार हातात येतात, घरी सात एकर कोरडवाहू वावर आहे. बँक ८.५ टक्क्यांनी २० वर्षांसाठी २० लाख देते म्हणते, पण कागदांसाठी थांबवते. एक खासगी गृहवित्त कंपनी नुसत्या नमुना आठवर (ग्रामपंचायतीच्या कर-नोंदीच्या उताऱ्यावर) लगेच द्यायला तयार आहे, १३ टक्क्यांनी. ते लिहितात, "हप्ता कसाही भरू, पण शेवटी एकूण किती जातात हे कोणी नीट सांगत नाही."

भाऊ, मी आपल्याच जिल्ह्यात बँकेच्या कर्ज विभागात नोकरी केली आहे. समोरचा माणूस हप्ता विचारतो, मंजुरी कधी मिळेल ते विचारतो आणि उठतो. एकूण रक्कम विचारणारे फार थोडे. तुम्ही विचारलंत, म्हणून सगळा हिशोब मांडतो.

बँकेचा हप्ता १७,३५६ रुपये येईल. असे २४० हप्ते म्हणजे ४१ लाख ६५ हजार. त्यात मुद्दल २० लाख, व्याज २१ लाख ६५ हजार. दर जराही हलला नाही असं धरून हा आकडा आहे.

पण हे व्याज वीस वर्षांवर सारखं पसरलेलं नसतं, आणि खरी गोष्ट तिथेच आहे. व्याज दर महिन्याला उरलेल्या मुद्दलावर लागतं. पहिल्या महिन्यात मुद्दल पूर्ण २० लाख, म्हणून व्याज १४,१६७. तुमच्या १७,३५६ मधून मुद्दलात जातात फक्त ३,१८९. पाच वर्षं एकही हप्ता न चुकवता भरलात तर १० लाख ४१ हजार भरून होतील, आणि तरी १७ लाख ६२ हजार बाकी राहतील. पाचव्या वर्षी खातं बंद करायला आलेली माणसं हा आकडा पाहून बँकेने फसवलं म्हणतात. फसवणूक नसते, घटत्या शिल्लकीचं गणितच असं आहे. ते सुरुवातीलाच कळलं तर त्याचा तुम्हाला फायदा करून घेता येतो.

फायदा कसा ते सांगतो. पहिलं वर्ष संपताना हप्त्यांशिवाय एक लाख जास्तीचे भरले, तर शेवटचे २६ हप्ते गळतात. म्हणजे साडेचार लाखांवर रक्कम भरायची राहतच नाही. तेच एक लाख पंधरावं वर्ष संपताना भरले तर आठ-नऊ हप्तेच गळतात. त्यामुळे "पोरं मोठी झाली की एकदम फेडू" हा विचार महागात पडतो. फेडायचं ते पहिल्या पाच-सात वर्षांत.

आता तुमच्या घराची मिळकत बघा. पगार दर महिन्याला येतो. वावराचा पैसा येतो तो सोयाबीनचा दिवाळीच्या सुमारास, कापसाचा हिवाळ्यात, तुरीचा त्यानंतर. कापसाचा चुकारा हातात आला की त्यातले ५० हजार दरवर्षी कर्जात टाकायचे, असं ठरवलंत तर काय होतं? २० वर्षांचं कर्ज १३ वर्षांच्या थोडं पुढे मिटतं. एकूण भरणा ४१ लाख ६५ हजारांवरून ३३ लाख २० हजारांच्या आसपास येतो. जवळपास साडेआठ लाख वाचतात.

मुदत कमी घ्यावी का, हा पुढचा प्रश्न येईलच. १५ वर्षांचा हप्ता १९,६९५ होतो आणि एकूण ३५ लाख ४५ हजार जातात. ज्याच्या घरी नुसता पगार आहे त्याला मी १५ च सांगेन. तुमच्या घरी कोरडवाहू शेती आहे. एखाद्या वर्षी बोंडअळी येते, एखाद्या वर्षी सोयाबीन सोंगणीच्या वेळी पाण्यात जातं, आणि त्या वर्षी उलट पगारातलेच पैसे वावरात घालावे लागतात. म्हणून तुम्ही कागदावर २० वर्षंच ठेवा, हप्ता एकट्या पगारातून निघेल असा ठेवा आणि पीक साधलं त्या वर्षी जास्तीचे भरा. नाही साधलं तर कोणी जाब विचारणार नाही. जास्तीची रक्कम भरताना मात्र शाखेत लेखी द्या की हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा. हप्ता कमी करून घेतला तर व्याजाची बचत फार थोडी उरते. बदलत्या दराच्या घरकर्जावर वैयक्तिक कर्जदाराकडून मुदतीआधी फेडीचा दंड घेता येत नाही, हा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. शाखेत कोणी वेगळं सांगितलं तर नियम लेखी मागा.

सगळी शिल्लक कर्जात ओतू नका, हेही सांगून ठेवतो. सहा महिन्यांच्या हप्त्यांइतके पैसे बाजूला असू द्या. याचं कारण तुमच्याच कागदांत आहे. जागा वडिलांच्या नावावर, म्हणजे बँक त्यांना सहकर्जदार करणार. हप्ता थकला तर तुमच्याबरोबर त्यांचीही पत खराब होते. मग जूनमध्ये ते पीककर्ज नवं करायला गेले की अडतात. तीन लाखांपर्यंतचं पीककर्ज वेळेत फेडलं तर केंद्राची सवलत आणि राज्याची डॉ. पंजाबराव देशमुख व्याज सवलत योजना मिळून शून्य टक्क्याने पडतं. ते हातचं गेलं की बियाणं-खत कृषी केंद्रातून उधारीवर, नाहीतर सावकाराकडे. घरकर्जाच्या दोन-तीन थकलेल्या हप्त्यांमुळे कास्तकाराचं पीककर्ज अडलेलं मी पाहिलं आहे. हा खर्च कुठल्याच तक्त्यात नसतो, पण आपल्या भागात तो सगळ्यात जड आहे.

आता १३ टक्क्यांच्या कंपनीकडे वळू. तेच २० लाख, तीच २० वर्षं, पण हप्ता २३,४३२ आणि एकूण ५६ लाख २४ हजार. बँकेपेक्षा साडेचौदा लाख जास्त. दारात आलेला प्रतिनिधी "साहेब, चार-साडेचार टक्क्यांचाच फरक आहे" म्हणतो, तेव्हा हे साडेचौदा लाख डोळ्यांसमोर ठेवा.

बँक कागद मागते ती तुम्हाला अडवायला नाही. नमुना आठ ही ग्रामपंचायतीची करआकारणीची नोंद आहे, मालकीचा पुरावा नाही. जागा गावठाणात असेल तर स्वामित्व योजनेत तुमच्या गावाची ड्रोन मोजणी होऊन मालमत्ता पत्रक निघालं का, ते तालुक्याच्या भूमी अभिलेख कार्यालयात विचारा. गावठाणाबाहेर सातबाऱ्यावर असेल तर अकृषक वापराचं, म्हणजे शेतजमीन घरासाठी वापरण्याचं, बघावं लागेल. चकरा होतील, चार-सहा महिने जातील. जाऊ द्या. एवढ्या कामात साडेचौदा लाख वाचवायची संधी आयुष्यात पुन्हा येणार नाही. थांबणं शक्यच नसेल, म्हणजे राहतं घर पडायला आलं असेल, तर कंपनीकडून गरजेपुरतंच आणि बदलत्या दराचं कर्ज घ्या आणि कागद झाले की बँकेत फिरवा. मात्र फिरवताना प्रक्रिया शुल्क, मुद्रांक, वकिलाचा शोध अहवाल हे सगळं दुसऱ्यांदा भरावं लागेल.

दराबद्दल अजून एक. बँकांची बदलत्या दराची नवी घरकर्जं ऑक्टोबर २०१९ पासून रेपोसारख्या (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने पैसे देते त्या) बाहेरच्या दराला जोडलेली असतात. गृहवित्त कंपन्यांना ते बंधन नाही, त्या आपल्या स्वतःच्या दरावर चालतात. त्यामुळे रेपो उतरला तरी तिथे उतार कधी आणि किती मिळेल, हे कंपनीच्या हातात. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो ४ वरून ६.५ टक्क्यांवर गेला. पुष्कळ कर्जदारांचा हप्ता तेवढाच राहिला, म्हणून त्यांना काही जाणवलं नाही. वाढली होती मुदत. तुमच्याच कर्जावर सुरुवातीला दर ८.५ चा ९.५ झाला आणि हप्ता १७,३५६ च ठेवला, तर २४० चे ३०९ हप्ते होतात. पावणेसहा वर्षं जास्त. रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये सांगितलं की दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, हे कर्जदाराला निवडू द्यावं. म्हणून दर वाढल्याचा मेसेज आला की शाखेत जा, उरलेले हप्ते किती ते विचारा आणि झेपेल तेवढा हप्ता वाढवून घ्या. २०२५ मध्ये रेपो सव्वा टक्क्याने उतरला, पण असा दर उतरेल तेव्हा हप्ता कमी करून घेऊ नका, मुदत कमी होऊ द्या.

पतसंस्थेकडूनही विचारणा झाली असेल. तिथे दर "फ्लॅट" आहे का, म्हणजे मुद्दल फिटत गेलं तरी व्याज मूळ रकमेवरच लावतात का, ते आधी विचारा. पाच लाख, १० वर्षं, फ्लॅट ८ टक्के म्हणजे व्याज ४ लाख आणि हप्ता ७,५००. घटत्या शिल्लकीच्या हिशोबाने हा दर १३ टक्क्यांच्या वर जातो.

मंजुरीच्या दिवशी टेबलावर जे कागद येतात त्यांत विम्याचा एक असतो. समजा ६० हजारांचा एकरकमी हप्ता आहे आणि "कर्जातच घालून देतो, खिशातून काही जाणार नाही" असं सांगितलं. ते ६० हजार २० वर्षं व्याज खाऊन सव्वा लाख होतात. विमा हवाच, कमावता माणूस गेला तर घरच्यांवर कर्ज राहू नये. पण तो मुदत विमा म्हणून वेगळा घ्या, दरवर्षी भरा. त्याच बँकेचा विमा घेतला तरच कर्ज, अशी सक्ती करता येत नाही. प्रक्रिया शुल्कावर १८ टक्के जीएसटी लागतो, तो धरा. ऑक्टोबर २०२४ पासून कर्ज देणाऱ्याला "की फॅक्ट स्टेटमेंट" द्यावंच लागतं. त्यात शुल्कं आणि विमा धरून खरा वार्षिक दर लिहिलेला असतो. दोन्हीकडून तो कागद घ्या आणि शेजारी ठेवून वाचा. बोर्डावरच्या दराची तुलना करू नका, त्या दराची करा.

बांधकामाच्या काळातलं व्याज लोक धरतच नाहीत. पैसे प्लिंथ, स्लॅब, प्लास्टर अशा टप्प्यांनी मिळतात, आणि तोवर जेवढे उचलले तेवढ्यावर नुसतं व्याज चालू असतं. १० लाख उचलले आणि काम अडलं, तर महिन्याला ७,०८३ रुपये. आठ महिने रेंगाळलं तर साडेछप्पन हजार, आणि मुद्दलातला रुपया कमी झालेला नसतो. आपल्याकडे काम अडायला कारणं भरपूर आहेत: रेती मिळत नाही, मिस्त्री दुसरीकडे जातो, उन्हाळ्यात पाणी नसतं, मग पाऊस लागतो. दिवाळीनंतर पाया घ्या, रेती-गिट्टी आधी टाकून ठेवा, पहिले पैसे स्वतःचे घाला आणि कर्जाचा टप्पा काम सुरू असतानाच उचला.

"कर वाचतो" हे तुमच्या बाबतीत धरू नका. घरकर्जाच्या व्याजाची २ लाखांची वजावट राहत्या घराला जुन्या करप्रणालीतच मिळते, आणि नव्या प्रणालीत तुमच्या पगारावर तसाही कर बसत नाही.

दुसरी बाजूही खरी आहे. १७,३५६ आज पगाराच्या चाळीस टक्क्यांवर आहेत. पगार वाढेल, हप्ता तेवढाच राहील, आणि पंधराव्या वर्षी तो एवढा जड वाटणार नाही. त्यामुळे २१ लाख ६५ हजारांकडे आजच्या रुपयांत पाहू नका. पण नागपूर-पुण्याची माणसं "व्याज गेलं तरी घराची किंमत वाढली" असा जो हिशोब करतात, तो गावातल्या घराला लागू नाही. गावात घराला गिऱ्हाईक सहज मिळत नाही. हे घर राहायला बांधा, मायबापाच्या म्हातारपणासाठी आणि पोरांसाठी बांधा, आणि म्हणूनच २० लाख मिळतात म्हणून २० घेऊ नका. १५ लाखांत भागलं तर हप्ता १३,०१७ होतो, आणि उरलेल्या चार हजारांवर रकमेचा वर्षाकाठी जास्तीचा भरणा पगारातूनच निघतो, पीक येवो न येवो. वरची खोली पाच वर्षांनी चढवता येते. पिलर तेवढे आधीच त्या मापाचे घ्या.

कर्ज फिटलं की सगळी मूळ कागदपत्रं ३० दिवसांत परत मिळायला हवीत. त्यांच्याकडून उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. निरंक दाखला घेऊन सातबाऱ्यावरचा किंवा मालमत्ता पत्रकावरचा बोजा उतरवून घ्या आणि नवा उतारा काढून बघा. तुमची जागा गावठाणात आहे की सातबाऱ्यावर, ते इथेच लिहा, म्हणजे कोणते कागद लागतील त्याची यादी देतो.