जातमुचलक्यातली जात आणि विसरलेला फैलजामीन

ऐरोलीहून एकांनी विचारलंय की एमडीच्या (म्हणजे मेफेड्रोन या अमली पदार्थाच्या) केसमधला एक मुलगा चार वर्षांनी सुटला, त्या बातमीत 'वैयक्तिक जातमुचलक्यावर जामीन मंजूर' असं छापलं होतं, तर कोर्ट यात जात कशाला विचारतं, आणि जामीन म्हणायचं की जमानत.

जमानतचं आधी उरकतो. जमानत हिंदीत, जामीन मराठीत, दोन्हींचा अरबी धातू एकच, विषय संपला. पण ठाण्याला कोर्ट नाक्यावर पाच मिनिटं उभे राहा, 'बेल भेटली', 'जमानत भेटली' एवढंच कानावर पडतं. भेटली? कुठे भेटली, तलावपाळीला का? जामीन मिळतो, मंजूर होतो, भेटत नाही. आणि वर त्या चॅनलवाल्यांच्या पट्ट्या, 'आरोपीला जमीन मंजूर'! जमीन हा फारसी शब्द, त्याचं जामीनाशी दूरचंही नातं नाही. आमच्याकडे पनवेल-उरणला जमीन मंजूर झाली तर ती सिडकोने प्रकल्पग्रस्तांना द्यायची साडेबारा टक्क्यांची असते, आणि तिच्यासाठी गुन्हा करावा लागत नाही, नुसते हेलपाटे घालावे लागतात.

आता जात. ही जन्माची जात नव्हे हो. ती संस्कृत 'जाति'वरून आली, ही अरबीतून फारसीमार्गे आलेली 'ज़ात', म्हणजे स्वतः, खुद्द. 'साहेबांनी जातीने लक्ष घातलं' म्हणतो तेव्हा साहेबांचा जातीचा दाखला कोणी मागत नाही ना? बखरींमधलं 'जातीनिशी', मोगली मनसबदारीतले 'जात' आणि 'सवार' हे दोन दर्जे, शिवीतलं 'बदजात', सगळीकडे हीच. मुचलका तुर्की, हॉब्सन-जॉब्सन हा जुना अँग्लो-इंडियन शब्दकोश तर तुर्की किंवा मंगोल म्हणून मोकळा होतो. म्हणजे जातमुचलका म्हणजे स्वतःचा स्वतः लिहून दिलेला बाँड, आणि 'वैयक्तिक जातमुचलका' म्हणजे पिवळा पीतांबर. एक निवृत्त भाषातज्ज्ञ (त्यांचा व्हॉट्सअॅपवर मोठा दरारा आहे) ठासून सांगतात की जुन्या कागदांत लिहून देणाऱ्याची जात नमूद करत म्हणून हा शब्द पडला. जात नमूद करत असतीलही, पण शब्द त्यावरून पडला हे कशावरून? मग 'जातीने हजर राहिले' याची फोड त्यांनी एकदा करून दाखवावी, मी ऐकायला तयार आहे.

हेच गृहस्थ 'जामीनदार' चूक म्हणतात, कारण जामीन म्हणजेच हमी घेणारा माणूस, त्याला परत 'दार' कशाला. अर्धं बरोबर. मुळात जामीन हा माणूसच. 'मी त्याला जामीन राहिलो' हे वाक्य आजही जिवंत आहे. पण पुढे मराठीने त्या माणसावरून सुटकेलाच जामीन म्हणायला सुरुवात केली, मग बिचाऱ्या माणसाला दुसरं नाव नको? म्हणून जामीनदार, आणि तो चूक नाही. इंग्रजी बेलचीही गंमत अशी की ती लॅटिनमधल्या ओझं वाहणाऱ्यापर्यंत जाते, म्हणजे हमालापर्यंत, आणि कोर्टाची नोटीस घेऊन येणारा बेलीफ तिचाच भाऊबंद.

खरी मजा पुढे आहे. जुन्या कागदांत नुसता जामीन नसायचा, कसला जामीन ते सांगायला लागायचं. हाजीरजामीन म्हणजे हा माणूस बोलावल्यावर येईल याची हमी, मालजामीन म्हणजे पैसे बुडाले तर मी भरीन, आणि फैलजामीन म्हणजे हा पुढे वाईट वागणार नाही. हे फैल म्हणजे अरबी 'फ़िअल', कृती, आपल्या 'बदफैली'तलं तेच. १८०७ मध्ये ईस्ट इंडिया कंपनीच्या कर्नल वॉकरने काठेवाडच्या ठाकोरांकडून, म्हणजे तिथल्या संस्थानिकांकडून, घेतले ते हेच फैलजामीन. आणि हे काही मुसलमानी अमलाचं नवं खूळ नव्हे, याज्ञवल्क्यस्मृतीत प्रतिभू, म्हणजे हमी घेणारा, तीन कामांसाठी सांगितलाय: दर्शन, प्रत्यय, दान. दर्शन म्हणजे हजर करणं, दान म्हणजे पैसे भरणं, आणि प्रत्यय म्हणजे माणूस भरवशाचा आहे असं सांगणं, जो माझ्या मते फैलजामिनाचा चुलता. वर असंही की दर्शनाचा किंवा प्रत्ययाचा प्रतिभू मेला तर मुलावर बोजा नाही, दानाचा मेला तर मुलाने भरायचं. आजच्या जामीनदारांनी वाचून ठेवावं.

आता हे एमडीच्या केसला लावा. साधा फौजदारी जामीन मुख्यतः हाजीरजामीन, तारखेला ये म्हणजे झालं. पण अमली पदार्थांचा एनडीपीएस कायदा १९८५ चा, आणि त्याचं कलम ३७ १९८९ च्या दुरुस्तीत कडक झालं. माल कमर्शियल क्वांटिटीचा, म्हणजे व्यापारी प्रमाणातला, असेल (एमडी ५० ग्रॅम, गांजा २० किलो) तर आरोपी दोषी नाही असं मानायला सबळ कारण आहे आणि जामिनावर असताना तो गुन्हा करणार नाही, अशा दोन्ही गोष्टींनी कोर्टाचं समाधान व्हावं लागतं. दुसरी अट नीट वाचा. हा शुद्ध फैलजामीन आहे! फक्त पूर्वी गावातला कोणीतरी जामीन राहायचा, आता न्यायाधीशांनाच राहायला सांगितलंय. कायदेवाले मित्र म्हणतात ही माझी ओढाताण आहे, म्हणोत, त्यांना बदफैली माहीत नाही.

आणि चार वर्षांचं म्हणाल तर हाजीरजामिनाला अर्थ केव्हा, खटला उभा राहील तेव्हा. १९७९ मध्ये हुसैनारा खातून प्रकरणात सुप्रीम कोर्टाने लवकर खटला चालणं हा राज्यघटनेच्या कलम २१ खालचा हक्क म्हटला, १९९४ मध्ये अमली पदार्थांच्या खटल्यांतले जे कच्चे कैदी दहा वर्षं किमान शिक्षेच्या कलमांखाली पाच वर्षं आत होते त्यांना एक लाखाचा बाँड आणि दोन जामीनदारांवर सोडायला सांगितलं, आणि मार्च २०२३ च्या निकालात स्पष्ट केलं की कलम ३७ अक्षरशः वाचलं तर जामीन मिळणारच नाही, आणि खटला अवाजवी रेंगाळला तर या कलमामुळे जामिनाचा रस्ता बंद होत नाही. ऐरोलीकरांच्या बातमीतला मुलगा बहुधा याच वाटेने तळोज्याच्या तुरुंगातून बाहेर आला असणार. निर्दोष सुटला असं मात्र शेजारीपाजारी म्हणत असतील तर त्यांना थांबवा, खटला बाकी आहे.

हां, आणि 'जामीनावर' नाही, 'जामिनावर'. वर मी रागाच्या भरात 'जामीनाशी' लिहून गेलोय, ते 'जामिनाशी' असं वाचा.