प्रथिनांचे वस्तुमान प्रथमच मोजवून घेणाऱ्यास

सोलापुरातून नमुना पुण्याला नेऊन त्याचे वस्तुमान मोजवून घेणार आहात, म्हणून एक गोष्ट आग्रहाने सांगतो: मास स्पेक्ट्रोमीटर या वस्तुमान मोजणाऱ्या यंत्राची चिंता नंतर करा, आधी क्षार काढा. फॉस्फेट बफरमधील (आम्लता स्थिर ठेवणाऱ्या द्रावणातील) सोडियम प्रथिनाला चिकटून राहते, आलेखातील शिखरे रुंदावतात आणि वस्तुमान नीट वाचता येत नाही; त्यामुळे प्रथिन १०० ते २०० मिलिमोलर अमोनियम ॲसिटेटमध्ये आणावे, कारण ते द्रावकाबरोबर उडून जाते आणि प्रथिनाची घडी, म्हणजे त्याचा त्रिमितीय आकार, बहुधा टिकते. रसायनशास्त्रज्ञ जॉन फेन यांना २००२ चे नोबेल मिळवून देणाऱ्या इलेक्ट्रोस्प्रे या फवारणीच्या पद्धतीत विद्युत्भारित थेंब आटत जातो आणि अखंड रेणू भारित रूपात, म्हणजे आयन म्हणून, वायुरूपात उरतो. पुढे आयन-गतिशीलता पद्धतीत हे आयन नायट्रोजन किंवा हेलियममधून सरकतात. भार आणि वस्तुमान सारखे असूनही पसरलेला रेणू जास्त टकरा खाऊन उशिरा पोहोचतो, घट्ट घडीचा आधी. मला हा भाग सर्वांत सुंदर वाटतो. टक्कर-ऊर्जा (यंत्रात आयन वायूच्या रेणूंवर ज्या ऊर्जेने आदळतात ती) मात्र सुरुवातीला कमीच ठेवायला सांगा, नाहीतर उपएकके, म्हणजे एकत्र जोडलेल्या प्रथिनसाखळ्या, सुटतील आणि द्रावणातही ती सुटीच होती, असा तुमचा समज होईल. उन्हाळ्यात नमुना बर्फात ठेवून रात्रीच्या गाडीने न्या. सोबत मायोग्लोबिन हे स्नायूंतील प्रथिनही द्या. हीम या लोहयुक्त गटासह त्याचे वस्तुमान सुमारे १७,६०० डाल्टन असते, त्यावरून मोजमाप पडताळता येते.